आईला सांगा, येतो

त्या इमारतीत तिला नावानं हाक मारणारं आता कुणी उरलं नव्हतं. सगळ्यांच्या तोंडी एकच, काजवाल्या बाई. एकतीस वर्षं शाळेचे गणवेश शिवणाऱ्या कारखान्यात तिनं काजं केली. कारखाना बंद पडला, बरोबरच्या बायका आपापल्या लेकी-सुनांकडे पांगल्या, पण हिच्या हाताला चैन पडेना. मग कोपऱ्यावरच्या शिंप्याच्या कोटांची काजं ती घरी आणून करायला लागली. आता काज म्हणजे काय, तर बटण जाण्यासाठी कापडाला पाडलेली चीर आणि तिच्या कडेनं घातलेला टाका, एवढंच तुम्ही-आम्ही सांगू. तिला विचारलं असतं तर तिनं तासभर सोडलं नसतं, आणि शेवटी तुमच्याच सदऱ्याचं काज चिमटीत धरून "हे कुणी केलंय? बुजगावण्यानं?" असं विचारलं असतं. तोंड तसलंच होतं तिचं. गोड बोलायची शिकवणी तिनं कधी लावली नव्हती.

तिसऱ्या मजल्यावर एक खोली, कोपऱ्यात ओटा, एक खिडकी. खिडकीतून समोरच्या गोदामाची भिंत दिसायची आणि भिंतीवरचा पाण्याचा नळ. साडेपाचला उठायचं, अर्धा कप चहा करायचा, तो खिडकीशी उभ्यानं प्यायचा. मग अंथरूण आवरायचं, चादर अशी ताणायची की वर सुई पडली तरी दिसावी. नंतर उजेड नीट येईपर्यंत बसून राहायचं, कारण आता डोळे दिव्याच्या उजेडात दोरा ओवू देत नव्हते. या बसून राहण्याच्या वेळात ती वस्तूंशी बोलायची. कात्री सापडली नाही की "कुठं उलथलीस गं बये?" आणि सापडली की "हो, माझ्याच बुडाखाली बसायचं होतं ना तुला." दिवसातली पहिली माणसाची हाक दहाच्या सुमाराला, जिन्याखाली.

जिन्याखाली घड्याळजीचं दुकान होतं. दुकान कसलं, कपाटाएवढी जागा. एका डोळ्याला भिंग लावून तो दिवसभर दुसऱ्यांची घड्याळं उघडून बसलेला असायचा, आणि मागच्या फळीवर तीस-पस्तीस घड्याळं प्रत्येक आपापली वेळ दाखवत असायची. बाई पिशवी घेऊन खाली उतरली की विचारायची, "काय घड्याळजी, किती वाजले?" तो मान वर न करता म्हणायचा, "कुठल्या घड्याळात?" बारा वर्षं हाच विनोद, आणि बारा वर्षं दोघंही त्याला हसत आले होते. एकट्या माणसाला रोजचा एक विनोद पुरतो, नवा कशाला हवा!

घड्याळजीचा एक गुण होता, त्याला दोष म्हणा हवं तर. तो पदरचं काही घालायचा नाही. कुणी कुणासाठी निरोप ठेवला तर शब्द न शब्द तसाच पोचवायचा, कानामात्रा इकडची तिकडे नाही. दूधवाला म्हणाला, "उद्या खाडा," तर घड्याळजी म्हणणार, "दूधवाला म्हणाला, उद्या खाडा." का, कशासाठी, आजारी आहे का, हे विचारलंत तरच सांगणार. विचारलं नाहीत तर तुमचं तुम्ही बघा.

आणि बाईची एक खोड होती. तिच्या दारातून निघताना कुणी "जातो" म्हटलेलं तिला चालायचं नाही. येतो म्हणायचं. लहानपणी आपल्या सगळ्यांनाच आयांनी हे शिकवलेलं असतं, पण ही त्यापायी जिवावर उठायची. गॅसवाला एकदा "जातो बाई" म्हणून जिना उतरला, तर हिनं त्याला खालून परत वर बोलावलं. तो बिचारा रिकामी टाकी खांद्यावर घेऊन बेचाळीस पायऱ्या चढून आला. "काय झालं बाई?" "येतो म्हण." "हां?" "येतो म्हण आणि जा." त्यानं कपाळाला हात लावला, पण म्हणाला.

हसण्यासारखं आहे, पण त्यामागचं कारण हसण्यासारखं नव्हतं. तिचा नवरा एका सकाळी घाईघाईत "जातो गं" म्हणून निघाला होता. तिनं दारातून "येतो म्हणा हो" म्हटलं, तोवर तो दुसऱ्या मजल्यावर पोचला होता. संध्याकाळी त्याला चौघांनी उचलून आणला. तेव्हा मुलगा सात वर्षांचा होता. त्या दिवसापासून त्या घरात "जातो" हा शब्द बंद. शाळेत निघालेल्या पोरानं चुकून तो उच्चारला तर दप्तर उतरवून परत आत यायचं, पाणी प्यायचं, आणि मग "आई, येतो" म्हणून निघायचं. पोरगा मोठा शांत होता. बसवला तिथं बसायचा, म्हणून ती त्याला ठोंब्या म्हणायची. लग्न होऊन सून घरात आली तरी ठोंब्याच.

सहा वर्षांपूर्वी तोच ठोंब्या त्याच दारातून "जातो" म्हणून गेला होता. मुद्दाम म्हणाला.

खोटं कशाला सांगू, चूक बाईचीच होती. सून नवी होती, हौशी होती, दिवस गेले होते तिला. सासू एवढी काजवाली, म्हणून तिनंही पिवळ्या फ्लॅनेलचं एक इवलंसं झबलं शिवलं. समोर पाच काजं, स्वतःच्या हातानं केलेली. मोठ्या उमेदीनं सासूपुढं धरलं. सासूनं चष्मा लावला, झबलं उजेडाकडे धरलं आणि म्हणाली, "हे काज आहे की उंदरानं कुरतडलंय?" एवढ्यावर थांबली असती तरी भागलं असतं. पण तिनं ब्लेड घेतलं आणि सुनेच्या डोळ्यांदेखत वरून एक एक काज उसवायला लागली. म्हणे, असलं लंगडं काज माझ्या नातवंडाच्या अंगावर नको. चार उसवली, चार नव्यानं घातली. पाचव्याला हात घालणार तोच मुलानं झबलं तिच्या हातातून काढून घेतलं. सुनेनं खाली पडलेले दोरे वेचले. रडलीही नाही.

पुढं आठव्या महिन्यात मूल गेलं. जन्माला आलं ते गेलेलंच आलं. सून घरी आली, भिंतीकडे तोंड करून पडून राहायची. बाईला वाईट वाटत होतं हो, नाही असं नाही. तिला काहीतरी चांगलं बोलायचं होतं. पण आडात नाही ते पोहऱ्यात कुठून येणार? आयुष्यभर जे बोलली तेच तोंडातून बाहेर पडलं. सुनेच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली, "पोरी, एवढं मनाला लावून घेऊ नये. उसवलं म्हणून काय झालं? पुन्हा घालता येतं."

सून उठून बसली. तिनं सासूकडे जे पाहिलं ते बाईच्या डोळ्यांपुढून पुढं कधीच हललं नाही. संध्याकाळपर्यंत दोघांच्या बॅगा भरून झाल्या. दारात मुलगा म्हणाला, "आई, आम्ही जातो."

आता या वेळी कुठल्याही आईनं काय करावं? हात धरावा, पाया पडावं, चुकले म्हणावं. हिनं काय केलं? सवयीनं म्हणाली, "जातो नाही. येतो म्हण."

ठोंब्यानं बॅग उचलली. मग सावकाश, प्रत्येक अक्षर सुटं करून म्हणाला, "जातो." आणि गेला.

सहा वर्षं. सुरुवातीला तिला वाटलं, येईल, राग निवला की येईल. मग वाटलं, मी आई आहे, मी का जाऊ? त्यांनी घर बदललं, नवं घर कुठं आहे ते तिला ठाऊक नव्हतं. विचारायचं मनात आणलं असतं तर कळलं असतं. फोन तिनं घेतलाच नव्हता. ज्याला बोलायचंय त्यानं जिने चढावेत, असं तिचं म्हणणं. सुंभ जळतो पण पीळ जळत नाही म्हणतात ते काही उगाच नाही. पण गेल्या दोन वर्षांत तो पीळही सुटला होता. पिवळं झबलं मागंच राहिलं होतं, ते तिनं बिस्किटांच्या डब्यात ठेवलं होतं. अधूनमधून ते काढून मांडीवर घ्यायची. चार काजं आखीव-रेखीव, आणि तळाशी पाचवं, सुनेचं, टाके कमीजास्त पडलेलं. ते बघून तिच्या मनात एक वाक्य तयार झालं होतं. तो आला की पहिलं हेच म्हणायचं, चहा-पाणी नंतर. ‘तिचं काज चांगलं होतं रे. माझंच चुकलं.’ एवढंच. या एवढ्यासाठी ती जगत होती म्हटलं तरी चालेल.

आणि मग तो गुरुवार आला.

साडेतीनला ती शिंप्याकडे कोट द्यायला गेली. हा शिंपी पूर्वी तिच्याच कारखान्यात झाडू मारायचा, तिच्याकडूनच टाका शिकला. तिला मावशी म्हणायचा. कोट उलटापालटा करून म्हणाला, "झकास, मावशी." पण हिची नजर तिसऱ्या काजावर गेली. एका टोकाचा टाका किंचित बसला होता.

"आण इकडं. उसवून पुन्हा घालते."

"अहो राहू द्या. बटणाखाली जातंय ते. कोण बघतंय?"

"मी बघतेय ना!"

"मावशी, गिऱ्हाईक पाचला येणार."

"मग पाचच्या आत होईल. तुझ्यासारखी गप्पा मारत करते का मी?"

दुकानाच्या दाराशी स्टूल घेऊन ती बसली. डोळे साथ देत नव्हते, दोरा ओवायलाच पाच मिनिटं गेली. पण काज झालं, आणि असं झालं की शिंप्यानं हात जोडले. ती छाती काढून निघाली. घरी पोचली तेव्हा नुकतेच पाच वाजले होते.

जिन्याखालून जाताना तिनं विचारलं, "काय घड्याळजी, किती वाजले?"

या वेळी तो ‘कुठल्या घड्याळात’ म्हणाला नाही. भिंग लावलेल्या डोळ्यानंच वर बघून म्हणाला, "बाई, तुमचे चिरंजीव येऊन गेले."

तिच्या हातातली पिशवी गळून पडली. सुयांची डबी उघडून सुया फरशीवर पसरल्या.

"काय म्हणाला?"

"म्हणाले, आईला सांगा, येतो."

"येतो म्हणाला?"

"येतो."

"जातो नाही ना? नीट आठवून सांगा, घड्याळजी."

"अहो बाई, कान अजून शाबूत आहेत माझे. येतो म्हणाले. आईला सांगा, येतो. बस्स."

बाई त्या पायऱ्या कशी चढली ते तिलाच माहीत. सुया खाली तशाच राहिल्या, त्या घड्याळजीनं चुंबकानं गोळा करून ठेवल्या. वर येऊन ती पलंगावर बसली आणि खूप दिवसांनी मोठ्यानं रडली. सहा वर्षांपूर्वी जो शब्द त्यानं तोडून टाकला होता, तोच तो परत आणून ठेवून गेला होता. येतो! आणखी काय विचारायचं होतं? कधी येतो, एकटा येतो की दोघं, हे विचारायला परत खाली जावं असं तिला एकदा वाटलं. पण भीतीही वाटली. चांगला निरोप जास्त चिवडू नये, चिवडला की त्यातून भलतंच काही निघतं. ती गेली नाही.

त्या दिवसापासून तिचं बाहेर जाणं बंद झालं. एकदा बाहेर गेले तर काय झालं, हे तिनं बघितलंच होतं. दूध आणि पाव दूधवाल्याकडूनच वर मागवायची. दार दिवसा उघडं ठेवायची, फटीत जुनी चप्पल अडकवून, म्हणजे वाऱ्यानं लागायला नको. दुसरा कप फळीवरून काढला, मग तिसराही काढला, धुऊन पालथा घातला. नवी चादर घातली. सतरंजी झटकली. जिन्यात पावलं वाजली की उठून उभी राहायची, आणि पावलं दुसऱ्या मजल्यावरच थांबली की परत बसायची. कुणाची पावलं कुठं थांबतात हे चार दिवसांत तिला पाठ झालं. डोळ्यांत प्राण आणून वाट बघणं म्हणजे काय, ते त्या खोलीत बघायला मिळालं असतं. बघायला होतं कोण?

मधल्या वेळात ती वाक्याची तालीम करायची. ओट्यावरच्या स्टीलच्या डब्यात तोंड दिसायचं, त्याच्यापुढं उभी राहून म्हणायची, "तिचं काज चांगलं होतं रे, माझंच चुकलं." मग वाटायचं, ‘रे’ नको, फार सलगी होते. मग वाटायचं, ‘रे’ काढला तर कोरडं होतं. "माझं चुकलं. तिचं काज चांगलं होतं." हे बरं. आधी चूक, मग काज. डब्यातलं तोंड तिच्याकडे बघून ओठ हलवायचं आणि तिला स्वतःचंच हसू यायचं. "म्हातारे, या वयात पाठांतर!"

आठव्या दिवशी तिनं झबलं काढलं आणि आपली चार काजं उसवायला घेतली. सुनेचं तेवढं ठेवायचं, बाकीची तिनंच पुन्हा घालावीत, जशी येतील तशी. तिच्या हातात झबलं देऊन म्हणायचं, घे बाई, तुझं तू पुरं कर. सगळा दोरा निघाला. पण काजाचं असं असतं की दोरा उसवता येतो, चीर राहतेच. कापलेलं कापड पुन्हा जुळत नाही. एकतीस वर्षं आणि वर आणखी अकरा वर्षं हेच काम केलेल्या बाईला ही गोष्ट इतरांपेक्षा जास्त ठाऊक होती. आणि तरी त्या पोरीला ती काय म्हणाली होती? पुन्हा घालता येतं! त्या चार उघड्या चिरांकडे बघत ती दुपारभर बसून राहिली. चहा गार झाला.

सोळाव्या दिवशी शिंपी वर आला. धापा टाकत दारात उभा राहिला. त्याला वाटलं होतं म्हातारी आजारी आहे.

"मावशी, तीन निरोप पाठवले. कोट पडून आहेत."

"मला यायला जमायचं नाही. मुलगा यायचाय."

"कधी?"

"येतो म्हणालाय."

शिंप्यानं खोलीत नजर फिरवली. पालथे घातलेले तीन कप, ताणलेली चादर. तो चपला न काढता दारातच घुटमळला. "मग मावशी, असं करतो. काजाचं मशीन आलंय बाजारात, ते घेतोच. तुमच्या डोळ्यांनाही किती त्रास द्यायचा?" त्यानं दुकानात राहिलेलं तिचं बोटात घालायचं टोपण आणि दोऱ्याला लावायचा मेणाचा तुकडा कागदात बांधून आणला होता. म्हणजे वर यायच्या आधीच त्याचं ठरलं होतं. तिनं पुडी घेतली.

"मशीनचं काज लवकर उसवतं," ती म्हणाली.

"हो मावशी," तो म्हणाला, आणि निघताना तिच्या सवयीनं, "येतो हं."

कोणाच्या तोंडून का असेना, शब्द ऐकून तिला बरं वाटलं. पण ती एकटी पडल्यावर तोच शब्द कानात राहिला. हा येतो म्हणाला, आणि हा काही परत यायचा नाही. आता याला इथं यायचं कारणच उरलं नव्हतं. रोज ऐकलेला, रोज लोकांकडून वदवून घेतलेला शब्द तिला पहिल्यांदा नीट ऐकू आला.

सतराव्या दिवशी सकाळी ती खाली उतरली. दोन आठवड्यांत गुडघे आखडले होते, एकेक पायरी कठड्याला धरून. घड्याळजीला आनंद झाला. तो विनोदाची वाट बघत थांबला. तिनं वेळ विचारली नाही.

"घड्याळजी, त्या दिवशीचं सगळं सांगा. निरोप नको. सगळं."

"सगळं म्हणजे?"

"आला तेव्हापासून."

घड्याळजीनं भिंग लावलेला डोळा मिटला आणि उघडला. मग हिशेबी माणसासारखा सांगायला लागला. "चारला पाच कमी असताना आले. वर जाऊन आले, कुलूप होतं. मला म्हणाले, आई कुठं गेली? मी म्हटलं, कोट द्यायला, आत्ता येतील, नेहमी अर्ध्या तासात येतात. मग त्या पायरीवर बसले."

"कुठल्या?"

"ती, तिसरी. कागद आणि पेन्सिल मागितली माझ्याकडे. दोन ओळी लिहिल्या, फाडल्या. पुन्हा लिहिल्या, पुन्हा फाडल्या. तुकडे खिशात घातले, इथं नाही टाकले. पेन्सिल परत दिली. दोनदा गाडीवाला आत येऊन ओरडला."

"कसला गाडीवाला?"

"त्यांना घेऊन आला होता तो. टपावर तीन मोठ्या बॅगा होत्या, आत दोन. विमान चुकेल म्हणून ओरडत होता."

बाईनं काउंटरच्या फळीला धरलं.

"मागं सूनबाई बसल्या होत्या," घड्याळजी म्हणाला, "त्या काही उतरल्या नाहीत. छोटी उतरली."

"छोटी कोण?"

"त्यांची मुलगी."

मागच्या फळीवरची सगळी घड्याळं टिकटिकत होती. बाईनं अगदी हळू विचारलं, "केवढी आहे?"

"असेल चारेक वर्षांची. मोठी चौकस. माझ्या भिंगातून बघायचं म्हणाली, बघू दिलं. म्हणाली, घड्याळाच्या पोटात किती दात आहेत!" घड्याळजीला हसू आलं. "चार वाजून चाळीस मिनिटांनी उठले. मला म्हणाले, आईला सांगा, येतो. तुम्हाला सांगितलं तसंच. छोटीनं हात हलवला, म्हणाली, आजोबा, मी जाते. तर तिचे बाबा म्हणाले, जाते म्हणू नये गं, येते म्हणावं. मग तीही म्हणाली, येते. आणि गेले."

हे शेवटचं बोलता बोलता त्याचा आवाज मंदावला. बाईसमोर बारा वर्षांत पहिल्यांदाच त्यानं भिंग डोळ्यावरून काढून खाली ठेवलं.

"बाई, तुम्हाला ठाऊक नव्हतं? मला वाटलं, तुम्हाला ठाऊक असणारच. एवढ्या लांब जाताना... मी आपला निरोप सांगितला."

"बरोबर सांगितलात," बाई म्हणाली. "तो निरोपच होता."

ती तिसऱ्या पायरीवर जाऊन बसली. चारला पाच कमी ते पाचला वीस कमी. शिंप्यानं कोट घेतला होता, झकास म्हणाला होता, तेव्हाच उठली असती तर चारला ती या जिन्याशी पोचली असती. ठोंब्या इथं बसला होता. इथंच. बसवला तिथं बसून राहायची त्याची सवय, पाऊण तास बसला. आणि आई त्या वेळी काय करत होती? बटणाखाली झाकलं जाणारं, जगात कुणालाही न दिसणारं एक काज उसवून पुन्हा घालत होती. सुनेसमोर जे केलं तेच. सहा वर्षांत ती एवढंच शिकली होती.

"पत्ता?" तिनं विचारलं. "कुठं गेले काही?"

"नाही बोलले. मीही विचारलं नाही."

घड्याळजीनं दुकानाची फळी ओढली, तिला हाताला धरून उठवलं. तो स्वतःही सत्तरीचा, पण तीन मजले तिला चढवून घेऊन आला. दारातली चप्पल पायानं बाजूला सारली, तिला खुर्चीवर बसवलं, माठातलं पाणी आणून दिलं. तीन पालथे कप त्याला दिसले. ओट्याशेजारी पिवळं झबलं दिसलं, चार भोकं पडलेलं. त्याबद्दल तो काही बोलला नाही. विचारल्याशिवाय बोलायची त्याला सवयच नव्हती.

"माझं वाक्य राहिलं, घड्याळजी," ती म्हणाली.

"कसलं वाक्य, बाई?"

तिनं ते म्हणायला तोंड उघडलं. सोळा दिवस घोकलेलं, आधी चूक, मग काज. पण समोर घड्याळजी होता. त्याला म्हणून काय उपयोग? त्यानं ते शब्द न शब्द लक्षात ठेवलं असतं, आणि पोचवायचं कुणाला?

"काही नाही," ती म्हणाली. "जा तुम्ही. दुकान खोळंबलंय तुमचं."

तो दाराशी गेला, वळला, आणि बारा वर्षं तिनंच लावलेल्या सवयीनं म्हणाला, "बरं बाई, येतो."

"जातो म्हणा."

"अहो बाई, असं कसं..."

"जातो म्हणा, घड्याळजी. जाणाऱ्यानं जातो म्हणावं. मागं राहणाऱ्याला कळतं तरी."

घड्याळजी उंबऱ्यावर उभा राहिला. ती त्याच्याकडे बघत राहिली, पूर्वी गॅसवाल्याकडे बघायची तशीच, म्हटल्याशिवाय सोडणार नाही अशी.

"जातो," तो म्हणाला.

तिनं मान हलवली. त्याची पावलं जिन्यावर एकेक करून उतरत गेली, दुसरा मजला, पहिला, मग ऐकू येईनाशी झाली. ती उठली. सतरा दिवस उघडं ठेवलेलं दार तिनं लोटलं आणि आतून कडी घातली.